खेळ कोणता आणि काम कोणते?
मोबाईल व संगणकावरील खेळांची घरगुती मांडणी



शहादा तालुक्यातील टेंभली हे गाव २९ सप्टेंबर २०१० रोजी साऱ्या देशाला ठाऊक झाले. तत्कालीन पंतप्रधान डॉ. मनमोहन सिंग व श्रीमती सोनिया गांधी यांच्या उपस्थितीत या गावातील श्रीमती रंजना सोनवणे यांना देशातील पहिला आधार क्रमांक देण्यात आला. बारा अंकांचा तो क्रमांक पुढे बँकेच्या खात्याशी, शिधापत्रिकेशी आणि मोबाईलशी जोडला गेला. २०१६ साली यूपीआयची पद्धत सुरू झाली आणि पैशांचा व्यवहारही मोबाईलवर आला. आज शहाद्याच्या बाजारपेठेत भाजीवाल्याकडेही पैसे स्वीकारण्याचा चौकोनी संकेत लावलेला दिसतो. केळी व पपईच्या भावाची चौकशी, शाळेचा निरोप, बँकेचा संदेश, दवाखान्याची वेळ, सारे काही हातातील एकाच यंत्रावर येऊन ठेपले आहे.

त्याच यंत्रावर खेळही आहेत. बहुसंख्य घरांत वापरता येण्याजोगा चांगला मोबाईल एकच असतो. दिवसा तो वडिलांच्या खिशात असतो, सायंकाळी मुलांच्या हातात. ज्या पडद्यावर बँकेचे चिन्ह आहे, त्याच पडद्यावर, त्याला खेटून, मोटारींच्या शर्यतीचे आणि लुडोचेही चिन्ह आहे. दोहोंमध्ये भिंत नाही, उंबरठा नाही. हे खेळ एका जागी कसे आणावेत, त्यांच्यावर वेळेचे बंधन कसे घालावे आणि पैशांचे व्यवहार त्यांच्यापासून कसे दूर ठेवावेत, असे आम्हांस अनेक पालक विचारतात. प्रस्तुत लेखात या प्रश्नांचा क्रमाने विचार करू. परंतु त्याआधी एका मूळ प्रश्नाचे उत्तर शोधणे आवश्यक आहे. अमुक एक ॲप हा ‘खेळ’ आहे, हे ठरवते कोण?

खेळाचे लेबल लावतो कोण?

मोबाईल स्वतः काहीच ठरवत नाही. ॲप तयार करणारी व्यक्ती किंवा संस्था ते प्ले स्टोअरमध्ये ठेवताना ते ‘ॲप’ आहे की ‘खेळ’ हे स्वतः निवडते व त्याचा वर्गही नमूद करते. खुद्द ॲपच्या आतही तशी खूण ठेवण्याची सोय आहे. अँड्रॉइडच्या २०१४ सालच्या पाचव्या आवृत्तीपासून ‘हा खेळ आहे’ एवढेच सांगणारी खूण होती. २०१७ सालच्या आठव्या आवृत्तीपासून खेळ, संगीत, चित्रफीत, बातम्या, नकाशे असे वर्ग नोंदविण्याची व्यवस्था झाली. मोबाईलमधील ‘खेळांचा कप्पा’ किंवा ‘गेम मोड’ यांसारख्या सोयी अशाच नोंदींवर विसंबून असतात. डब्यावर ‘साखर’ असे लिहिले असेल तर त्यात साखर आहे असे समजून चालावे, तसा हा प्रकार आहे. डबा उघडून कोणी पाहत नाही.

म्हणूनच काही विसंगती निर्माण होतात. बुद्धिबळाचे ॲप, ज्यातून मुलाची एकाग्रता वाढू शकते, ते ‘खेळ’ म्हणून नोंदलेले असते. उलट पाढे शिकविणारे एखादे ॲप ‘शिक्षण’ या वर्गात असते. मात्र त्यात प्रत्येक उत्तरामागे तारे, नाणी, बक्षिसाची पेटी आणि ‘उद्या पुन्हा या, नाहीतर तुमची मालिका तुटेल’ अशी धमकीवजा आठवण असते. पैसे पाठविण्याच्या काही ॲपमध्येही खरवडून पाहण्याचे बक्षीस-पत्र मिळते. त्याचे नाव बँकव्यवहार, पण ओढ खेळाची! शिवाय काही खेळांना स्वतंत्र चिन्हच नसते. यूट्यूबमध्ये २०२४ पासून छोटे खेळ आले आहेत. क्रोम या ब्राउझरमध्ये तर २०१४ पासून एक लहानसा डायनासोर दडून बसलेला आहे. इंटरनेट बंद पडले की तो पडद्यावर येतो आणि बोट लावताच धावू लागतो. सातपुड्याच्या पायथ्याशी जेथे रेंज येते-जाते, तेथील मुलांना तो चांगलाच परिचित आहे. खेळांच्या कोणत्याही यादीत त्याचे नाव सापडत नाही.

खेळ आणि काम यांची सीमारेषा पूर्वीही पुसट होती. मायक्रोसॉफ्टने १९९० साली विंडोज ३.० सोबत सॉलिटेअर हा पत्त्यांचा खेळ दिला. माऊसने वस्तू धरून ओढणे व सोडणे ही क्रिया त्या काळी लोकांना नवीन होती. पत्ते हलविता हलविता हात त्या क्रियेला सरावले. आपल्याकडे एमएस-सीआयटीच्या वर्गात संगणक शिकलेल्या अनेकांची माऊसशी पहिली मैत्री याच खेळाने झाली. तेव्हा खेळ तेवढा वाईट आणि काम तेवढे चांगले, असा सरसकट निवाडा करून भागणार नाही. लेबल दुसऱ्याने लावलेले असते आणि घर आपले असते. म्हणून घरातील ॲपचे वर्गीकरण घरानेच केले पाहिजे, हे या लेखाचे मुख्य सांगणे आहे.

मोबाईलवरील मांडणी

प्रथम सर्वांत सोपी गोष्ट. अँड्रॉइड मोबाईलच्या मुख्य पडद्यावर एका खेळाच्या चिन्हावर बोट दाबून धरावे, ते ओढून दुसऱ्या खेळाच्या चिन्हावर सोडावे. दोहोंचा मिळून एक कप्पा, म्हणजे फोल्डर, तयार होतो. त्यास ‘खेळ’ असे नाव द्यावे. उरलेले खेळ त्यात टाकावेत आणि तो कप्पा शेवटच्या पडद्यावर न्यावा. बँक, यूपीआय, शाळा व दवाखाना यांची चिन्हे पहिल्या पडद्यावर राहू द्यावीत. काही कंपन्यांच्या मोबाईलमध्ये खेळ आपोआप एकत्र करणारी सोय असते. सॅमसंगने २०१६ पासून ती दिली आहे. आपोआप न आलेला खेळ तीत स्वतःहून समाविष्टही करता येतो. आयफोनमध्ये २०२० पासून ‘ॲप लायब्ररी’ आहे. तेथील वर्गवारी यंत्रच करते व ती आपणांस बदलता येत नाही. मुख्य पडद्यावरील कप्पे मात्र आपल्या इच्छेनुसार करता येतात.

येथे दोन गैरसमज दूर केले पाहिजेत. पहिला असा की, कप्पा म्हणजे कुलूप नव्हे. तो केवळ फळी आहे. वस्तू नीट ठेवली जाते, बंद होत नाही. दुसरा असा की, मुख्य पडद्यावरून चिन्ह काढले म्हणजे ॲप मोबाईलमधून गेले असे नाही. ते यादीत कायम राहते, जागा व्यापते आणि सूचनाही पाठवीत राहते. ते खरोखर काढावयाचे असल्यास ‘अनइन्स्टॉल’ करावे लागते. तत्पूर्वी मुलाला एक गोष्ट विचारावी. त्याची त्या खेळातील प्रगती एखाद्या खात्यावर नोंदलेली आहे की केवळ याच मोबाईलवर? दुसऱ्या प्रकारात ॲप काढताच कित्येक महिन्यांची मजल पुसली जाते. मोठ्यांना ही गोष्ट क्षुल्लक वाटते. मुलाला ती अन्याय वाटते आणि पुढील प्रत्येक नियमाबद्दल त्याच्या मनात अढी बसते.

यानंतर सूचना बंद कराव्यात. खेळाच्या चिन्हावर बोट दाबून धरले की ‘ॲप माहिती’ दिसते. तेथे ‘नोटिफिकेशन’ बंद करता येते. ‘तुमच्या गावावर हल्ला झाला आहे’, ‘तुमचे बक्षीस वाट पाहत आहे’ अशा हाका थांबल्या की निम्मी ओढ आपोआप कमी होते. आमच्या मते सर्व उपायांत हा उपाय सर्वांत स्वस्त आणि सर्वांत परिणामकारक आहे.

वेळेच्या बंधनासाठी अँड्रॉइडमध्ये २०१८ पासून ‘डिजिटल वेलबीइंग’ आहे. त्यात प्रत्येक ॲपला रोजची मर्यादा ठरवून देता येते. वेळ संपली की ते ॲप त्या दिवसापुरते बंद होते व मध्यरात्रीनंतर पुन्हा उघडते. परंतु ही मर्यादा मोबाईल हाताळणारा स्वतःच काढून टाकू शकतो. म्हणून ती मोठ्यांच्या आत्मसंयमासाठी ठीक आहे, मुलांसाठी अपुरी आहे. मुलाजवळ स्वतंत्र मोबाईल असल्यास गूगलचे ‘फॅमिली लिंक’ वापरावे. पालकाच्या मोबाईलवरून मुलाच्या मोबाईलची वेळ ठरविता येते आणि नवे ॲप घेण्यास संमती देता किंवा नाकारता येते. आयफोनमध्ये २०१८ पासून ‘स्क्रीन टाइम’ आहे. त्यात ‘खेळ’ या संपूर्ण वर्गाला एकच मर्यादा घालता येते. मात्र वर लिहिलेली अडचण येथेच आडवी येते. ‘शिक्षण’ असे लेबल असलेला खेळ त्या मर्यादेतून सुटतो आणि बुद्धिबळ तीत अडकते. म्हणून वर्गावर न विसंबता एकेका ॲपची निवड करावी.

ज्या घरात मोबाईल एकच आहे, तेथे आणखी एक सोय फार उपयोगी आहे. अँड्रॉइडच्या सुरक्षा-विभागात ‘ॲप पिनिंग’ किंवा ‘स्क्रीन पिनिंग’ नावाची सोय असते. ती सुरू करून मुलाला एखादे ॲप लावून दिले की मोबाईल त्या ॲपमध्येच खिळून राहतो. बाहेर पडण्यासाठी पिन मागण्याचा पर्यायही त्यातच असतो, तो अवश्य निवडावा. आयफोनमध्ये हेच काम ‘गाइडेड ॲक्सेस’ करते. मुलगा खेळत असताना चुकून बँकेचा संदेश पुसला जाणे किंवा कोणाला भलताच निरोप जाणे, हे प्रकार यामुळे टळतात.

संगणकावरील मांडणी

संगणकावर खेळांना स्वतंत्र दालन देण्याचा प्रयत्न मायक्रोसॉफ्टने जानेवारी २००७ मध्ये सर्वांसाठी आलेल्या विंडोज व्हिस्टामध्ये केला होता. तेथे ‘गेम्स’ नावाची एक खिडकी होती. संगणकावरील खेळ तीत एकत्र दिसत, प्रत्येकाचे वयोमान दिसे व पालकांना त्यावर नियंत्रणही ठेवता येई. विंडोज ७ मध्येही ती होती. विंडोज १० च्या काळात, २०१८ साली, ती काढून टाकण्यात आली. आता स्टार्ट मेनूमध्ये स्वतःच कप्पे करावे लागतात.

सध्याच्या विंडोजमध्ये विंडोजची कळ व ‘जी’ ही कळ एकत्र दाबली असता ‘गेम बार’ उघडतो. त्याच्या सेटिंगमध्ये ‘हा खेळ आहे हे लक्षात ठेवा’ अशा अर्थाचा एक चौकोन असतो. समोर चालू असलेला कार्यक्रम खेळ आहे की काय, हे संगणकाला प्रत्येक वेळी ओळखता येत नाही. म्हणून तो माणसाला विचारतो! २००३ साली सुरू झालेल्या स्टीम या खेळांच्या भांडारातही बाहेरून आणलेला कोणताही कार्यक्रम ‘खेळ’ म्हणून यादीत जोडता येतो, यादीचे आपल्या मनाप्रमाणे गट पाडता येतात आणि एखादा खेळ यादीतून लपविताही येतो. इतक्या प्रगत यंत्रणाही अखेर निर्णय वापरणाऱ्यावर सोपवितात, हे लक्षात घेण्यासारखे आहे.

घरी अथवा वसतिगृहात संगणक अनेकांच्या वापरात असेल, तर मुलांसाठी वेगळे ‘स्टँडर्ड’ खाते काढावे आणि व्यवस्थापकाचा पासवर्ड मोठ्यांजवळ ठेवावा. त्यामुळे संगणकाच्या व्यवस्थेत बदल करणारे कार्यक्रम मुलांना परस्पर बसविता येत नाहीत. काही कार्यक्रम त्या खात्यापुरते तरीही बसतात. म्हणून अधूनमधून स्थापित कार्यक्रमांची यादी नजरेखालून घालावी.

पैशांचा उंबरठा

खेळाची मांडणी चुकली तर वेळ जातो. पैशांची मांडणी चुकली तर घर अडचणीत येते. अनेक खेळ फुकट मिळतात, पण आत हिरे, पोशाख, शस्त्रे विकली जातात. केंद्रीय शिक्षण मंत्रालयाने १० डिसेंबर २०२१ रोजी पालक व शिक्षकांसाठी एक सूचनापत्र काढून, पालकांच्या संमतीविना खेळातील खरेदी होऊ देऊ नये, असे बजावले होते. त्यासाठी पुढील काळजी घ्यावी. प्ले स्टोअरमध्ये प्रत्येक खरेदीला पडताळणी आवश्यक करावी. यूपीआयचा पिन मुलांना सांगू नये व त्यांच्यासमोर दाबूही नये. यूपीआय लाइटमधून लहान रकमा पिनशिवाय जातात, म्हणून मुलांच्या हाती जाणाऱ्या मोबाईलवर ते बंद ठेवणे बरे. यूपीआय ॲपमधील ‘ऑटोपे’ची यादी महिन्यातून एकदा पाहावी. एकदा दिलेल्या मंजुरीवर पुढील हप्ते ठरावीक मर्यादेपर्यंत पिन न विचारता कापले जाऊ शकतात.

पैसे लावून खेळावयाच्या खेळांविषयी कायदा आता स्पष्ट आहे. संसदेने ऑगस्ट २०२५ मध्ये ऑनलाइन गेमिंग प्रोत्साहन व नियमन विधेयक संमत केले आणि २२ ऑगस्ट २०२५ रोजी त्यास राष्ट्रपतींची संमती मिळाली. या कायद्याने खेळांचे तीन वर्ग केले आहेत: स्पर्धात्मक ई-क्रीडा, करमणुकीचे सामाजिक खेळ आणि पैशांचे खेळ. जिंकण्याच्या आशेने पैसे भरावयाचा खेळ, मग तो कौशल्याचा असो वा नशिबाचा, तिसऱ्या वर्गात येतो आणि त्यास बंदी आहे. असा खेळ चालविणाऱ्यास तीन वर्षांपर्यंत कारावास व एक कोटी रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. जाहिरात करणाऱ्यासही शिक्षा आहे. खेळणाऱ्यास मात्र गुन्हेगार ठरविलेले नाही. जे वर्गीकरण आपण घराच्या ओसरीवर करावयाचे म्हणतो, तेच देशाच्या संसदेलाही करावे लागले, एवढे या प्रश्नाचे महत्त्व आहे.

असे खेळ अनेकदा प्ले स्टोअरच्या बाहेरून, संदेशात आलेल्या दुव्यावरून, ‘एपीके’ फाईलच्या रूपाने येतात. त्यांतील काही बँकेचे संदेश वाचून खातेच रिकामे करतात. ओळखीच्या माणसाकडून आली तरी अशी फाईल उघडू नये. फसवणूक झाल्यास क्षणाचाही विलंब न लावता १९३० या सायबर मदत क्रमांकावर कळवावे.

घराने करावयाची वर्गवारी

आता मूळ मुद्द्याकडे येऊ. एखाद्या सायंकाळी घरातील सर्वांनी एकत्र बसावे. एका कागदावर ‘काम’, ‘अभ्यास’ आणि ‘खेळ’ असे तीन रकाने आखावेत. मोबाईलमधील प्रत्येक ॲपचे नाव मुलांना वाचावयास लावावे आणि ते कोणत्या रकान्यात जाते हे सर्वांनी ठरवावे. मतभेद झाल्यास चार प्रश्न विचारावेत. हे ॲप आपण बोलावतो की ते आपल्याला बोलावते? त्याला शेवट आहे की ते कधी संपतच नाही? ते पैसे मागते काय? आणि ते बंद केल्यावर आपल्याजवळ काय उरते? या प्रश्नांपुढे पाढ्यांचे एखादे ॲप कदाचित खेळाच्या रकान्यात जाईल आणि बुद्धिबळ अभ्यासाशेजारी जाऊन बसेल. मोठ्यांच्या चित्रफिती पाहण्याच्या ॲपबद्दलही मुले हेच प्रश्न विचारतील. तो त्यांचा हक्क आहे, हे वडीलधाऱ्यांनी मोकळेपणाने मान्य करावे.

प्ले स्टोअरमध्ये तीन, सात, बारा, सोळा व अठरा वर्षे अशी वयोमानाची खूण असते, तीही पाहावी. परंतु ही खूण खेळात हिंसा अथवा अश्लीलता किती, एवढेच प्रामुख्याने सांगते. तो खेळ दिवसाचे किती तास खाईल, हे ती सांगत नाही. मुलांच्या माहितीविषयी २०२३ सालचा डिजिटल व्यक्तिगत माहिती संरक्षण कायदा अठरा वर्षांखालील मुलांसाठी पालकांची पडताळता येण्याजोगी संमती आवश्यक मानतो. त्याचे नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये अधिसूचित झाले व ते टप्प्याटप्प्याने अमलात यावयाचे आहेत. पण कायद्याने संमती मागितली तरी ती विचारपूर्वक देणारा पालक घरात असला पाहिजे.

आमच्या भागात याला आणखी एक पदर आहे. दिवाळीनंतर कित्येक कुटुंबांतील तरुण स्त्री-पुरुष ऊसतोडीसाठी गुजरातेत जातात. मुले आजी-आजोबांपाशी राहतात. आई-वडिलांचा आवाज ऐकण्याचे साधन म्हणजे मोबाईल आणि एकटेपणा विसरण्याचे साधनही तोच. आजीला अक्षरओळख नसते, नातवाला सारे चिन्हांवरून कळते. अशा घरात ‘मोबाईल काढून घ्या’ हा उपदेश निरर्थक आहे. तेथे गावी निघण्यापूर्वीच आई-वडिलांनी मुलांसह वरील तीन रकाने ठरवावेत, खेळांचा कप्पा करून द्यावा, बँकेच्या ॲपला वेगळे कुलूप घालावे आणि रोज ठरावीक वेळी फोन करावा. त्या फोनची वाट पाहणारे मूल खेळ आपणहून बाजूला ठेवते.

क्वचित एखाद्याच्या बाबतीत खेळ हाताबाहेर जातो. जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगवर्गीकरणात, १ जानेवारी २०२२ पासून लागू झालेल्या अकराव्या आवृत्तीत, ‘गेमिंग डिसऑर्डर’ची नोंद आहे. खेळावर ताबा न राहणे, इतर सर्व गोष्टींहून खेळाला अधिक महत्त्व देणे आणि नुकसान दिसत असूनही खेळत राहणे, ही त्याची लक्षणे होत. साधारणपणे ती बारा महिने दिसावी लागतात. म्हणून सुट्टीत चार दिवस खूप खेळलेल्या मुलाला रोगी म्हणू नये. पण झोप, शाळा व जेवण सुटू लागले तर मारझोड न करता डॉक्टरांचा सल्ला घ्यावा. १४४१६ या ‘टेलि-मानस’ क्रमांकावर मोफत समुपदेशन मिळते.

विटीदांडूला मैदान होते, सागरगोट्यांना ओसरी होती, आणि दिवेलागण झाली की दोन्ही आपोआप थांबत. त्या खेळांची जागा आणि वेळ घराने व गावाने आखून दिलेली होती. मोबाईलवरील खेळांना तशी जागा आणि तशी वेळ अद्याप कोणी आखून दिलेली नाही. ती यंत्र देणार नाही आणि यंत्र बनविणारा तर मुळीच देणार नाही. ती आपणच द्यावयाची आहे. वाचकांनी या आठवड्यातच एक सायंकाळ त्यासाठी राखून ठेवावी, कागद व पेन घेऊन मुलांना जवळ बसवावे आणि पहिला रकाना त्यांच्याच हातून भरून घ्यावा, अशी आमची आग्रहाची विनंती आहे.